एका पोर्टसाठी अख्खा कॉम्प्युटर उघडा टाकू नका

रंगपंचमीच्या दुसऱ्या दिवशी इंदूरच्या लोकमान्य नगरात ताईकडे गेले होते. जिजाजींच्या कॉम्प्युटरवर कोपऱ्यात फायरवॉल (बाहेरून येणारी नको ती हाक अडवणारी भिंत) बंद असल्याची सूचना दिसली. त्या मशीनवर क्लॉथ मार्केटमधल्या अकरा दुकानांची खाती आहेत, आणि दिवस मार्च-एंडचे. भाच्याला विचारलं तर म्हणाला, "मावशी, मीच बंद केली. माइनक्राफ्टचा सर्व्हर चालू करायचा होता, ग्रुपवर तसंच आलं होतं." राउटर उघडून बघितला तर तिथेही डीएमझेडमध्ये (बाहेरून येणारं सगळं एकाच मशीनकडे सोडणारी राउटरची सोय) जिजाजींच्याच मशीनचा आयपी, म्हणजे नेटवर्कवरचा पत्ता, घातलेला. तीन दिवसांपासून.

तो मेसेज मग मीही वाचला. आधी हिंदीत फिरत होता, आता कोणीतरी मराठी करून सोडलाय. संध्याकाळी तोच बडोद्याच्या काकांकडून माझ्याही फोनवर आला. थोडक्यात असा: "गेम सर्व्हरला कनेक्ट होत नाही? १) विंडोजची फायरवॉल पूर्ण बंद करा. २) राउटरमध्ये डीएमझेड चालू करून आपल्या पीसीचा आयपी टाका, सगळे ६५,५३५ पोर्ट एकदम उघडतात. ३) खेळणाऱ्या प्रत्येकाने आपल्या राउटरवरही हेच करा. ४) पोर्ट उघडले की पिंग निम्मा होतो. ५) हॅकरची भीती वाटत असेल तर २५५६५ ऐवजी दुसरा नंबर ठेवा, कोणाला सापडणार नाही. ६) तरी जमलं नाही तर कंपनीने पोर्ट ब्लॉक केलेत, स्टॅटिक आयपी मागून घ्या."

माझं रोजचं काम नेटवर्कचं आहे. हे वाचून राग आला तो मुलांचा नाही. त्यांना खेळायचं असतं आणि सोपं सांगणारं दुसरं कोणी नसतं. राग आला तो हे लिहिणाऱ्याचा.

सगळ्यात घातक आहे तो दुसरा मुद्दा, म्हणून आधी तोच घेते. आयपी म्हणजे मार्केटच्या इमारतीचा पत्ता आणि पोर्ट म्हणजे गाळ्याचा नंबर. गाळ्यात कोणी बसलं असेल तरच तिथे व्यवहार होतो. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीचा सर्व्हर टीसीपी २५५६५ वर बसतो, बेडरॉक आवृत्तीचा यूडीपी १९१३२ वर (टीसीपी आणि यूडीपी हे माहिती पाठवण्याचे दोन प्रकार), टेरारिया या दुसऱ्या गेमचा ७७७७ वर. म्हणजे मित्रांना आत घ्यायला एक गाळा उघडावा लागतो. एक. डीएमझेड केल्यावर राउटर बाहेरून आलेली प्रत्येक हाक, कोणत्याही नंबरची असो, त्या एका मशीनकडे पाठवतो. आता जिजाजींच्या मशीनवर आणखी कोण कोण बसलंय ते बघा. ४४५ वर फाइल शेअरिंग, कारण त्यांचा मदतनीस शेजारच्या खोलीतून तीच खाती उघडतो. ३३८९ वर रिमोट डेस्कटॉप, कारण अकाउंटिंगचं सॉफ्टवेअर बसवणारा तो चालू ठेवून गेला. मी तिथेच बसून 'नेटस्टॅट' (कोणत्या पोर्टवर कोण बसलंय ते दाखवणारी आज्ञा) चालवलं आणि 'लिसनिंग' लिहिलेल्या ओळी भाच्याला एकेक करून मोजायला लावल्या. पंधराच्या पुढे गेल्यावर तो गप्प झाला. त्यातली एकच ओळ त्याच्या गेमची होती.

४४५ उघडा राहिला की काय होतं, हे जगाने १२ मे २०१७ ला बघितलंय. वॉनाक्राय नावाचा किडा याच पोर्टवरच्या फाइल शेअरिंगमधल्या खोटीतून शिरला. कोणी लिंक दाबायची गरज नव्हती, एका मशीनवरून दुसऱ्यावर तो आपोआप जात होता. १५० देशांमधली दोन लाखांच्या वर मशीन्स त्यात अडकली, ब्रिटनच्या सरकारी दवाखान्यांमध्ये अपॉइंटमेंट रद्द कराव्या लागल्या. मायक्रोसॉफ्टने त्या खोटीवरची दुरुस्ती १४ मार्चलाच, म्हणजे दोन महिने आधी दिली होती. अडकली ती न अपडेट केलेली मशीन्स. आपल्याकडे किती घरांत अपडेट वेळेवर होतं, ते प्रत्येकाने आपल्या घरचं बघावं. फायरवॉल बंद, डीएमझेड चालू आणि अपडेट सहा महिने मागे, असं मशीन अकरा दुकानांच्या जीएसटीसकट रस्त्यावर ठेवायचं, तेही एका गेमसाठी?

फायरवॉलबद्दल एक गोष्ट नाइलाजाने कबूल करते. ती बंद केल्यावर खेळ खरंच चालू होतो, म्हणूनच हा मेसेज लोकांना पटतो. पण तो का चालू होतो? सर्व्हर पहिल्यांदा सुरू केला की विंडोज विचारतं, या प्रोग्रामला नेटवर्कवर येऊ द्यायचं का. मुलं घाईत 'कॅन्सल' दाबतात. कॅन्सल म्हणजे "नंतर बघू" नव्हे. विंडोज त्या प्रोग्रामच्या नावाने मनाई लिहून ठेवतं. भाच्याच्या यादीत जावाच्या (माइनक्राफ्टचा सर्व्हर ज्यावर चालतो तो प्रोग्राम) नावापुढे तांबड्या गोल खुणेच्या दोन नोंदी अशाच पडल्या होत्या. आणि मनाईचा नियम परवानगीच्या नियमावर मात करतो, त्यामुळे नंतर कितीही परवानग्या जोडल्या तरी उपयोग होत नाही. त्या दोन नोंदी काढल्या, टीसीपी २५५६५ ला आत येऊ देणारा एक नियम लिहिला आणि फायरवॉल परत चालू केली. माडीवरचा त्याचा मित्र त्याच वायफायवरून लगेच आत आला. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी, असा हा मेसेजचा पहिला उपाय आहे.

तिसरा मुद्दा साफ खोटा आहे. नुसतं खेळायला जाणाऱ्याला काहीही उघडावं लागत नाही. त्याचं मशीन स्वतः बाहेर हाक मारतं, त्यासाठी वरचा एखादा तात्पुरता पोर्ट घेतं (विंडोजमध्ये ४९१५२ पासून पुढचा), राउटर त्याची नोंद ठेवतो आणि उत्तर आलं की बरोबर त्याच मशीनला देतो. बँकेची वेबसाइट उघडताना आपण कधी राउटरमध्ये जाऊन पोर्ट उघडलाय? या एका ओळीमुळे एका सर्व्हरपायी आठ-दहा घरांचे राउटर उघडे पडतात. भाच्याच्या वर्गातल्या दोघांनी ते केलेलंही होतं. दोघांच्या घरी फोन करून मी ते बंद करायला लावलं.

पिंग म्हणजे हाक जाऊन उत्तर परत यायला लागणारा वेळ, त्याचं गणित पाचवीतलं पोरही करेल. काचेच्या तारेतून प्रकाश एका मिलिसेकंदात साधारण २०० किलोमीटर जातो. इंदूरहून मुंबई सरळ रेषेत पाचशे किलोमीटरच्या आसपास, म्हणजे जाऊन येऊन कमीत कमी ५ मिलिसेकंद. सिंगापूर चार हजारांच्या जवळपास, म्हणजे कमीत कमी ४०, आणि तारा सरळ जात नसल्यामुळे प्रत्यक्षात त्याहून जास्तच. पोर्ट उघडल्याने सिंगापूर जवळ येत नाही. ज्या गेममध्ये खेळाडूंची मशीन्स एकमेकांना थेट जोडली जातात आणि राउटर कडक असल्यामुळे सगळं मधल्या एखाद्या सर्व्हरवरून वळसा घेऊन जातं, तिथे योग्य पोर्ट उघडल्याने थोडा फरक पडू शकतो, एवढं खरं. पण निम्मा वगैरे काही नाही.

आता नंबर बदलण्याचं. २०१३ मध्ये मिशिगन विद्यापीठातल्या संशोधकांनी झेडमॅप नावाचं साधन मांडलं. गिगाबिट जोडणी असलेलं एक साधं मशीन घेऊन इंटरनेटवरचे सगळे सार्वजनिक आयपीव्ही-४ (नेहमीचे चार आकड्यांचे) पत्ते एका पोर्टसाठी ४५ मिनिटांच्या आत तपासून होतात, हे त्यांनी करून दाखवलं. आणि तुमच्या एका पत्त्याचे ६५ हजार पोर्ट चाचपायचे तर त्याला तेवढाही वेळ लागत नाही. नंबर बदलला की रिकामटेकड्या चाचपणीतली बरीचशी टळते, पण लपायला जागा मिळत नाही. वर प्रत्येक मित्राला पत्त्यापुढे विसर्ग देऊन तो नंबर लिहावा लागतो, आणि निम्मे विसरतात.

कुलूप कुठे असतं ते मेसेजमध्ये कुठेच नाही, ते लिहायला हवं होतं. सर्व्हरच्या 'सर्व्हर.प्रॉपर्टीज' फाइलमध्ये 'व्हाइट-लिस्ट' ट्रू करा आणि मित्रांची नावं जोडा, म्हणजे यादीबाहेरचा आत येत नाही. 'ऑनलाइन-मोड' ट्रूच राहू द्या. तो फॉल्स केला की कोणीही तुमचंच नाव लावून येऊ शकतं आणि मग त्या यादीलाही अर्थ उरत नाही. आणि सर्व्हर अद्ययावत ठेवा. डिसेंबर २०२१ मध्ये लॉग४शेल ही खोट उघड झाली, तेव्हा माइनक्राफ्टच्या चॅटमध्ये एक ओळ टाइप करून समोरच्या सर्व्हरवर हवा तो प्रोग्राम चालवता येत होता. गंभीरतेच्या मोजमापात तिला १० पैकी १० मिळाले होते. १० डिसेंबरलाच १.१८.१ ही दुरुस्त आवृत्ती आली, पण ज्यांनी ती घेतली नाही त्यांचा एकच उघडा पोर्टही पुरेसा होता. म्हणून एक पोर्टसुद्धा खाती ठेवलेल्या मशीनवर उघडू नये, असं माझं मत आहे. भाच्याचा सर्व्हर आता माझ्या जुन्या लॅपटॉपवर चालतो.

सहावा मुद्दा अर्धा खरा आहे, आणि म्हणूनच मला त्याची जास्त धास्ती वाटते. इंटरनेट देणारी कंपनी पोर्ट "ब्लॉक" करते असं बहुतेक वेळा नसतं. आयपीव्ही-४ चे पत्ते कमी पडतात, म्हणून कंपनी अनेक घरांना मिळून एकच सार्वजनिक पत्ता वापरते, याला सीजीनॅट म्हणतात. त्यासाठी एप्रिल २०१२ मध्ये पत्त्यांचा एक वेगळा पट्टाच राखून ठेवला गेला, १००.६४ पासून १००.१२७ पर्यंत. राउटरच्या पानावर वॅन आयपी, म्हणजे कंपनीने राउटरला दिलेला पत्ता, बघा. तो या पट्ट्यातला असेल, किंवा 'माय आयपी' सांगणाऱ्या साइटवर दिसतो त्याहून वेगळा असेल, तर तुमच्या राउटरवर काहीही उघडा, बाहेरची हाक तुमच्यापर्यंत पोचतच नाही. ताईकडे १०० नेच सुरू होणारा होता. म्हणजे भाच्याने घातलेला डीएमझेड तीन दिवस नुसता पडून होता, आणि पुण्याच्या आतेभावाला 'कनेक्शन टाइम्ड आउट' येत राहिलं ते त्यामुळेच. ('रिफ्यूज्ड' आलं असतं तर अर्थ वेगळा होता: मशीनपर्यंत पोचलात, पण त्या पोर्टवर सर्व्हर चालू नाही.)

घर वाचलं ते असं. पण मेसेजची शेवटची पायरी काय सांगते? स्टॅटिक आयपी घ्या, म्हणजे फक्त आपल्याच घरचा, न बदलणारा सार्वजनिक पत्ता. भाच्याने जिजाजींकडे त्याचे पैसे मागितलेसुद्धा होते. ते मिळाले असते तर नवा पत्ता लागल्या क्षणी तो पडून असलेला डीएमझेड जागा झाला असता, आणि त्यामागे फायरवॉल बंदच होती. ज्यांनी हा मेसेज पाळून नंतर कंपनीकडून स्टॅटिक आयपी घेतलाय, त्यांनी आज, आत्ता राउटर उघडून डीएमझेडचं पान बघावं.

बाहेरगावच्या मित्रांसाठी आम्ही टेलस्केल बसवलं. झीरोटियरनेही तेच होतं. प्रत्येक मित्राच्या मशीनवर ते घालायचं, मग सगळी मशीन्स एकाच घरातल्या वायफायवर असल्यासारखी एकमेकांना दिसतात, आणि राउटरवर एकही पोर्ट उघडावा लागत नाही. ज्यांच्याकडे खरोखर सार्वजनिक पत्ता आहे त्यांनी डीएमझेडऐवजी पोर्ट फॉरवर्डिंगच्या पानावर जावं, फक्त टीसीपी २५५६५ सर्व्हरच्या मशीनकडे वळवावा आणि त्या मशीनचा घरातला आयपी राउटरमध्ये कायमचा बांधून टाकावा. नाहीतर राउटर बंद-चालू झाला की तो आयपी दुसऱ्याच कोणाकडे जाऊ शकतो, आणि पोरं परत तोच मेसेज शोधायला लागतात.