‘लॉस कोलोनोस’ या चित्रपटाच्या खेळाबद्दल तुमच्या तक्रारीला उत्तर

नमस्कार. रविवारच्या खेळाला तुम्ही दोन तारे दिलेत. ‘वेस्टर्न’ म्हणून तिकीट काढलं आणि कत्तल बघावी लागली, दिग्दर्शकानं इतिहास भडक केला आणि आम्ही शेवट कापला, असं तुम्ही लिहिलंय.

पहिली तक्रार पूर्ण मान्य. पोस्टरवर घोडेस्वार आणि ‘वेस्टर्न’ हा शब्द, एवढंच होतं. तुमच्या आई मध्येच उठून बाहेर येऊन बसल्या तेव्हा मी काउंटरवर होतो. त्यांची मनापासून माफी मागतो. आता तिकीट देतानाच आम्ही प्रत्येकाला हिंसेची कल्पना देतो.

भडकपणाचं मात्र पटत नाही. गोष्ट 1901 सालची, चिली आणि अर्जेंटिनात वाटल्या गेलेल्या तिएरा देल फुएगो बेटावरची. मेंढ्यांचा बडा मालक होसे मेनेंदेस आणि त्याचा स्कॉटिश मुकादम मॅकलेनन ही खरी माणसं. तिथले मूळ रहिवासी सेल्कनाम लोक ग्वानाको या उंटाच्या कुळातल्या रानटी प्राण्याच्या शिकारीवर जगायचे. कुरणांना कुंपणं पडली, ग्वानाको मिळेनासे झाले, मग ते मेंढ्या मारू लागले. त्यावर मालकांनी माणसांचीच शिकार करवली. मेलेल्याचे कान आणून दाखवले की पैसे मिळायचे. दिग्दर्शक फेलिपे गाल्वेसनं तर हात आखडताच घेतलाय असं मला वाटतं. ती मोठी कत्तल आठवून बघा, सगळीकडे धुकं आहे, गोळ्यांचे आवाज येतात आणि कोण कुठे पडलं ते धड दिसतही नाही. सेल्कनाम नामशेष झाले असंच कित्येक वर्षं धरलं जायचं. चिलीच्या कायद्यानं त्यांना मूळ रहिवासी म्हणून मान्यता दिली ती 2023 साली. हा चित्रपट फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात दाखवला गेला तेही त्याच वर्षी.

शेवटाबद्दल खात्रीनं सांगतो, आम्ही एक फ्रेमही कापलेली नाही. सरकारी माणूस कॅमेरा घेऊन येतो, सेल्कनाम बाई किएप्या आणि तिचा नवरा सेगुंदो यांना साहेबी कपडे घालायला लावतो, टेबलाशी बसवतो आणि चहा प्या म्हणतो. किएप्या कप उचलत नाही. तो पुन्हा सांगतो, या देशाचा भाग व्हायचंय की नाही म्हणून दरडावतो, तरी ती कपाला हात लावत नाही. गोष्ट तिथेच संपते. त्या कपासाठीच मी हा चित्रपट आणला, आणि पुन्हा आणणार आहे.

दोन्ही तिकिटांचे पैसे काउंटरवर ठेवलेत. तिकीट हरवलं असलं तरी चालेल, रविवारचा खेळ म्हणून सांगा.