‘अळणी मिस्सा’ आणि एक तारा: आमच्याकडून उत्तर

नमस्कार.

रविवारच्या श्रवणसभेला तुम्ही आलात, ३५० रुपये मोजलेत आणि घरी जाऊन एक तारा दिलात. सोबत लिहिलंत की स्ट्राव्हिन्स्की या रशियन संगीतकाराचा मिस्सा (कॅथलिक चर्चमधल्या मुख्य प्रार्थनेचं संगीत) म्हणून १८ मिनिटांची तबकडी ऐकवली, त्यात ना चाल ना भाव. मधला भाग मंत्रपुष्पांजली एका दमात उरकावी तसा. पोरं सपाट आवाजात गातात, पुढे पितळी वाद्यं अंगावर येतात. मोझार्टचे मिस्सा ऐकलेल्या माणसाला हे सगळं अळणी लागतं. आणि संगीतापेक्षा मालकांची बडबड जास्त.

आधी बडबडीचं. १८ मिनिटांच्या संगीताआधी मी ४० मिनिटं बोललो. घरून याबद्दल तुमच्याआधीच तक्रार आलेली आहे.

पितळी वाद्यं अंगावर आली तीही माझ्यामुळेच, त्यात स्ट्राव्हिन्स्कीचा दोष नाही. क्रेदो, म्हणजे ‘माझा विश्वास आहे’ हा मधला भाग, जवळजवळ सगळा दबक्या आवाजात आहे. नेमका तेव्हाच खाली बोळात कुणीतरी स्कूटरला किक मारत होता आणि ती काही सुरू होईना. मी मागे जाऊन ॲम्प्लिफायरची कळ नऊच्या काट्यावरून बारावर नेली आणि परत आणायला विसरलो. पुढे सांक्तुस या भागात ‘होसान्ना’ हा जयघोष आला तेव्हा पहिल्या रांगेतल्या बाईंच्या मांडीवरची पर्स खाली पडली, ते मी पाहिलं. तिथे जोर आहेच, पण एवढा नाही. या चुकीसाठी एक तारा कापलात तर माझं काही म्हणणं नाही. उरलेल्या तीन ताऱ्यांबद्दल मात्र बोलायचं आहे.

तुम्ही मोझार्टचं नाव काढलंत ते बरं झालं. या मिस्साची सुरुवातच तिथून झाली. स्ट्राव्हिन्स्की १९३९ मध्ये अमेरिकेत गेला आणि हॉलिवूडमध्ये राहू लागला. लॉस एंजेलिसच्या एका जुन्या मालाच्या दुकानात त्याला मोझार्टच्या काही मिस्सांच्या प्रती सापडल्या. वाजवून पाहिल्यावर त्याला ते ऑपेराचं मिष्टान्न वाटलं आणि आपण खरा मिस्सा लिहायचा असं त्यानं ठरवलं. हे त्यानंच सांगितलेलं आहे. मोझार्टवर तो अन्याय आहे असं माझं मत, पण तो भाग निराळा. म्हणजे तुम्हाला जे कमी पडलं ते त्यानं ठरवून बाहेर ठेवलं होतं. कुणी मागणी केली नव्हती, कुणी आगाऊ पैसे दिले नव्हते. किरिए आणि ग्लोरिया हे पहिले दोन भाग १९४४ मध्ये झाले, बाकीचे भाग १९४८ मध्ये पुरे झाले. त्याच वर्षी २७ ऑक्टोबरला मिलानच्या ला स्कालामध्ये अर्नेस्ट आन्सेर्मे यांच्या संचालनाखाली पहिला प्रयोग झाला. प्रार्थनेसाठी लिहिलेली वस्तू पहिल्यांदा वाजली ऑपेराच्या थिएटरात!

आणि खरंच प्रार्थनेसाठीच लिहिलेली. तो स्वतः रशियन ऑर्थोडॉक्स पंथाचा. त्या चर्चमध्ये वाद्यं चालत नाहीत आणि याला तर नुसत्या गळ्यांचं गाणं फारसं सोसत नसे. म्हणून रोमन कॅथलिक विधी, म्हणून लॅटिन. गानवृंदाच्या साथीला फक्त दहा फुंकवाद्यं: दोन ओबो, एक इंग्लिश हॉर्न, दोन बासून, दोन ट्रम्पेट, तीन ट्रॉम्बोन. एकही व्हायोलिन नाही, बासरी नाही, क्लॅरिनेट नाही. जी वाद्यं पटकन गहिवर आणतात ती दाराबाहेरच. वरच्या दोन पट्ट्यांना त्याला मुलांचे आवाज हवे होते, कारण मुलं सूर सरळ लावतात, त्यात बायकांच्या पक्क्या आवाजातला कंप नसतो. ‘सपाट’ हा तुमचा शब्द चुकीचा नाही, फक्त तो दोष म्हणून वापरलात.

आता मंत्रपुष्पांजली. तुम्ही ते टोमणा म्हणून लिहिलंत, पण माझ्या ४० मिनिटांत मला एवढं नेमकं सुचलं नव्हतं. गणपतीपुढे ‘राजाधिराजाय’ सुरू झालं की कुणी आलाप घेतो का? घेतलाच तर बाकीचे वळून बघतील. हातात फुलं घेऊन सगळे उभे असतात, अक्षरामागून अक्षर जातं, आणि ज्याला पाठ नाही तोही शेवटी सुरात येतो. क्रेदो तसाच आहे. पाद्री पहिली ओळ जुन्या चालीवर उचलतो आणि मग वृंद एका अक्षराला एक सूर या हिशेबानं पुढे निघतो. स्ट्राव्हिन्स्कीचं म्हणणं होतं की चालणं सोपं व्हावं म्हणून जसं कूचगीत करतात, तसं शब्दांना हातभार लागावा म्हणून हे केलं. क्रेदो सगळ्यांत लांब का, तर विश्वास ठेवायच्या गोष्टीच पुष्कळ आहेत, असंही तो म्हणाला होता.

भाव नाही म्हणता, तर आग्नुस देई हा शेवटचा भाग पुन्हा ऐका. वाद्यं आपलं कडवं वाजवतात आणि थांबतात. मग वृंद साथीशिवाय गातो, ‘देवाच्या कोकरा’ म्हणून हाक घालतो. पुन्हा वाद्यं, पुन्हा नुसते गळे. असं तीनदा. साथीशिवायचं गाणं न सोसणारा माणूस नेमकी दयेची आणि शांतीची मागणी उघड्या गळ्यानं करायला लावतो. तिथे माझ्या पोटात दर वेळी कालवतं.

तुमच्या पुढच्या रांगेत वसईहून आलेल्या एक आजी होत्या. लॅटिन मिस्सा त्यांनी लहानपणी ऐकलेला. व्हॅटिकनची १९६२ ते ६५ ची परिषद झाली आणि हळूहळू सगळीकडे लॅटिनऐवजी लोकभाषा आल्या. स्ट्राव्हिन्स्कीनं वेदीसाठी लिहिलं, आणि वीस वर्षांच्या आत त्या वेदीवरची भाषाच बदलली. आग्नुस देईला या आजींचे ओठ हलत होते. नंतर चहा घेताना म्हणाल्या, ‘आमची चाल ही नव्हती हो, पण शब्द कुठे चुकले नाहीत.’ त्यांना कागद लागला नाही. तुम्हाला लागला असता आणि मी दिला नाही, ही माझी दुसरी चूक. लॅटिन शब्द देवनागरीत आणि शेजारी मराठी अर्थ, असा एक कागद आता छापून घेतला आहे.

३५० रुपयांत १८ मिनिटं हा हिशेब मात्र मला पटत नाही. चांगला चहा दोन मिनिटांत संपतो. तरीही पैसे परत हवे असतील तर दुकानात या, कारण विचारणार नाही. त्यापेक्षा येत्या रविवारी साडेपाचला या, तुमच्याकडून तिकीट घेणार नाही. बोळाकडची खिडकी बंद असेल, कळ नऊवर असेल, मी पाच मिनिटं बोलेन आणि तबकडीची ती बाजू दोनदा लावेन. दुसऱ्यांदा ऐकूनही अळणीच वाटलं तर तारा तसाच राहू द्या.

पंख्याच्या आवाजाबद्दल तुम्ही काही लिहिलं नाहीत, पण जाताना वर बघत होतात. त्याचा कॅपेसिटर सोमवारी बदलला.