पासपोर्ट कार्डाच्या ‘खुशखबरी’चा पंचनामा

माझी आत्या न्यू जर्सीत मुलाकडे राहते. नुकतीच तिची अमेरिकी नागरिकत्वाची शपथ झाली, आता पासपोर्टचा अर्ज करायचा आहे. दिवाळीला कोल्हापूरला जायचं तिच्या मनात पक्कं आहे. नेमका अशा वेळी तिच्या ग्रुपवर एक फॉरवर्ड येऊन पडला आणि तिने मला फोनवर सुनावलं, “तुम्ही उगाच दीडशे-दोनशे डॉलर घालवायला सांगता. मी आपलं नुसतं कार्ड काढते.” त्यानंतर तोच फॉरवर्ड मला माझ्या शाळेच्या ग्रुपवर आणि पुण्यातल्या सोसायटीच्या ग्रुपवरही दिसला. सोसायटीतल्या काकांना अमेरिकेच्या पासपोर्ट कार्डाचं काय करायचंय देव जाणे, पण पुढे ढकलायची घाई सगळ्यांनाच.

ज्यांच्यापर्यंत तो अजून पोचला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात मजकूर: ज्येष्ठांसाठी खुशखबर, अमेरिकेने पाकिटात मावणारं नवीन पासपोर्ट कार्ड काढलंय. आता पासपोर्टची जाडजूड पुस्तिका नको, कार्डावर भारतासकट कुठेही जाता येतं. नुसतं कार्ड घेतलं तर भारतीय पासपोर्ट परत करावा लागत नाही. ग्रीन कार्डवाल्यांनाही मिळतं. रिअल आयडीची (संघीय निकषांनुसार काढलेलं लायसन्स किंवा राज्याचं ओळखपत्र) गरज नाही. हे कार्ड सतत जवळ बाळगणं आता सक्तीचं झालंय. मात्र त्यातल्या चिपमधून सरकार तुमचा माग काढतं, म्हणून ॲल्युमिनियम फॉइलमध्ये गुंडाळून ठेवा. खालच्या लिंकवर १४९ डॉलर भरा, ४८ तासांत घरपोच.

आधी ते ‘नवीन’. हे कार्ड २००८ पासून मिळतंय. ९/११ नंतर अमेरिकेने कॅनडा-मेक्सिकोच्या सीमेवर नुसत्या तोंडी सांगण्यावर किंवा साध्या लायसन्सवर आत येणं बंद करायचं ठरवलं. जमीन आणि समुद्रमार्गासाठी तो नियम १ जून २००९ पासून लागू झाला. सीमेलगत राहणाऱ्या, रोज पलीकडे ये-जा करणाऱ्या लोकांना स्वस्तात काहीतरी मिळावं म्हणून हे कार्ड निघालं. बफेलोचा माणूस पूल ओलांडून पलीकडे जेवायला जातो, त्याच्यासाठी. एडिसनहून मुंबईला जाणाऱ्या आजीबाईंचा विचार करून कुणी ते बनवलेलं नाही.

आता ‘कुठेही जाता येतं’. अमेरिकेच्या संघीय नियमसंहितेत शीर्षक २२, कलम ५१.३ आहे. पासपोर्टचे प्रकार तिथे सांगितलेत. पासपोर्ट कार्डाबद्दल तिथे स्वच्छ लिहिलंय की, ते फक्त अमेरिका आणि मेक्सिको, कॅनडा, कॅरिबियन, बर्म्युडा यांच्यामधल्या जमिनीवरच्या नाक्यांतून आणि बंदरांतून अमेरिकेबाहेर जायला आणि परत यायलाच वैध आहे, आणि जगभर चालेल असा हा प्रवासाचा दस्तऐवज नाही. यात ‘विमानतळ’ नाही. कॅनडासाठीसुद्धा नाही. नायगाराच्या रेनबो ब्रिजवरून गाडीने पलीकडे जा, कार्ड चालेल. न्यूअर्कहून टोरांटोला विमानाने जायचं म्हटलं की पासपोर्ट बुक, म्हणजे ती पुस्तिकाच, लागेल. या एका कलमात फॉरवर्डची निम्मी हवा जाते. मी आत्याला तेच पाठवलं.

लोकांना हे खरं का वाटतं, तेही कळतं. भारतीय नागरिकाला मतदार ओळखपत्रावर काठमांडूला विमानाने जाता येतं. आपल्याकडच्या कितीतरी ज्येष्ठांनी पशुपतिनाथाची सहल अशीच केली आहे. त्यामुळे ‘कार्डावर परदेश’ हे त्यांच्या डोक्यात आधीच बसलेलं असतं. पण ती भारत-नेपाळमधली सोय आहे, तिचा अमेरिकेच्या कार्डाशी काडीचा संबंध नाही. भारतात यायला ओसीआय (परदेशी नागरिक झालेल्या भारतीय वंशाच्या लोकांना मिळणारं कार्ड) असो नाहीतर ई-व्हिसा, बरोबर वैध परदेशी पासपोर्ट लागतो.

तरी हा मुद्दा एकवेळ परवडला. फार तर न्यूअर्कच्या काउंटरवरून घरी परत यावं लागेल, तिकिटाचे पैसे बुडतील. खरा घातक मुद्दा पुढचा आहे, आणि तो वाचून माझं डोकं फिरलं. ‘नुसतं कार्ड घेतलं तर भारतीय पासपोर्ट परत करावा लागत नाही, कारण ते फक्त ओळखपत्र आहे.’ म्हणजे युक्ती अशी की, जाताना भारतीय पासपोर्ट दाखवायचा आणि येताना कार्ड.

कार्ड कुणाला मिळतं? अमेरिकी नागरिकाला. म्हणजे कार्डाचा अर्ज करायच्या आधीच शपथ झालेली असते. आणि भारताच्या १९५५ च्या नागरिकत्व कायद्याचं कलम ९ सांगतं की, स्वेच्छेने दुसऱ्या देशाचं नागरिकत्व घेतलं की भारतीय नागरिकत्व संपतं. आपोआप. त्यासाठी कुणी नोटीस पाठवत नाही, आणि तुम्ही नंतर बुक घेतलं, कार्ड घेतलं की काहीच घेतलं नाही, याने फरक पडत नाही. शपथेच्या क्षणापासून कपाटातला तो भारतीय पासपोर्ट निरुपयोगी झालेला असतो. तो जमा करून सरेंडर सर्टिफिकेट घ्यायचं असतं, आणि पुढे ओसीआयच्या अर्जात तेच मागतात. परकीय नागरिकत्व घेतल्यावर भारतीय पासपोर्ट बाळगणं किंवा त्यावर प्रवास करणं हा पासपोर्ट कायदा, १९६७ खाली गुन्हा आहे, असं अमेरिकेतले भारतीय वाणिज्य दूतावास सांगतात.

कायदा बाजूला ठेवा. समजा कुणी ही ‘युक्ती’ केलीच आणि मुंबईला उतरले. तिथवर कदाचित निभेल. गावी राहिले, लग्नकार्यं झाली, लोणची-पापड भरून परत सहार विमानतळावर आले. चेक-इनच्या काउंटरवरची मुलगी विचारणार, “अमेरिकेत कशावर जाताय?” भारतीय पासपोर्टवर अमेरिकेचा व्हिसा नाही. ग्रीन कार्ड दाखवावं तर ते शपथविधीच्या दिवशी दारातच जमा करून घेतलेलं असतं. उरलं हे पासपोर्ट कार्ड, आणि ते विमानप्रवासाला चालत नाही. विमान कंपनी बसू देणार नाही.

मग बीकेसीतल्या अमेरिकी वाणिज्य दूतावासात जाऊन पासपोर्टसाठी अर्ज. तो मिळेलही, नागरिक आहात तुम्ही. पण त्या कोऱ्या पासपोर्टवर भारताचा व्हिसा नाही आणि भारतात आल्याचा शिक्काही नाही, कारण आत आलात तुम्ही भारतीय म्हणून. म्हणजे परदेशी नागरिकांच्या नोंदणी कार्यालयाच्या पायऱ्या चढायच्या, आणि तिथे बसून स्वतःच्याच तोंडाने सांगायचं की मी नागरिक नसताना भारतीय पासपोर्टवर आत आले. सत्तरीच्या बाईला हे करायला लावणार, १३० डॉलर वाचवण्यासाठी? ज्याने कुणी हे लिहिलं त्याने ते स्वतः एकदा करून बघावं आणि मग ग्रुपवर अनुभव टाकावा.

ग्रीन कार्डवाल्यांना कार्ड मिळत नाही. विषय संपला. त्यांनी अर्ज करून स्वतःला नागरिक म्हणवून घेतलं तर पुढच्या नागरिकत्वाच्या अर्जाची वाट लागते, एवढं लक्षात ठेवा.

रिअल आयडीचा मुद्दा, नाइलाजाने कबूल करते, बरोबर आहे. ७ मे २०२५ पासून देशांतर्गत विमानासाठी साधं लायसन्स पुरत नाही, आणि रिअल आयडीऐवजी पासपोर्ट कार्ड दाखवलं तर सुरक्षा तपासणीत चालतं. शिकागोला लेकीकडे जा, हवाईला जा, काही अडचण नाही. जे गाडी चालवत नाहीत त्यांच्यासाठी ही खरंच चांगली सोय आहे. मेख अशी की फॉरवर्डवाल्याने ‘विमानात चालतं’ एवढंच उचललं आणि ‘देशातल्या’ हा भाग गाळला.

‘सक्तीचं’ हे असंच अर्धं उचललेलं. नागरिकाने ओळखपत्र सतत जवळ बाळगावं असा संघीय कायदा नाही. आहे तो ग्रीन कार्डवाल्यांसाठी: १८ वर्षं आणि त्यावरच्यांनी आपलं ग्रीन कार्ड सतत जवळ ठेवलं पाहिजे. पण हल्लीचं वातावरण बघता आपल्या रंगाच्या माणसाला नागरिकत्वाचा पुरावा पर्समध्ये असावा असं वाटलं तर त्यात मला काही वेडेपणा दिसत नाही. नॅचरलायझेशन सर्टिफिकेट, म्हणजे नागरिकत्व मिळाल्याचा दाखला, हा कागदाचा मोठा ताव, तो काही घेऊन फिरायचा नाही. लायसन्सवर नागरिकत्व कळत नाही, रिअल आयडी तर नागरिक नसलेल्यांनाही मिळतो. पासपोर्ट कार्ड मात्र ओळख आणि नागरिकत्व दोन्हीचा पुरावा आहे. नोकरी लागताना ओळख आणि काम करण्याचा हक्क दाखवायला जो आय-नाइन फॉर्म भरतात, त्यासाठीही ते एकटं पुरतं. म्हणून मी कार्ड घेऊ नका असं म्हणतच नाहीये. बुकाच्या जोडीला घ्या.

चिपचं म्हणाल तर तिला बॅटरी नाही, उपग्रहाशी बोलायची ताकद नाही. तिच्यात तुमचं नाव, फोटो, पत्ता यातलं काहीही नसतं, फक्त एक क्रमांक असतो. सीमेवरचं यंत्र तो वाचतं आणि सरकारी संगणकातून तुमची नोंद अधिकाऱ्यापुढे उघडते. तो क्रमांक काही फुटांवरून वाचता येतो, हे मात्र खरं. २००९ मध्ये एका सुरक्षा संशोधकाने सॅन फ्रान्सिस्कोत गाडीतून फिरत असे क्रमांक टिपून दाखवले होते. पण त्यासाठी फॉइल नको, कार्डाबरोबर सरकार स्वतःच एक संरक्षक पाकीट देतं. त्यात ठेवा. आणि एकाच संदेशात ‘सतत जवळ बाळगा’ आणि ‘फॉइलमध्ये लपवा’ लिहिणाऱ्याला स्वतःचं लिखाण परत वाचायची सवय नसावी.

क्रूझचा उल्लेख फॉरवर्डमध्ये नाही, पण त्याखाली कुणीतरी ‘क्रूझला आम्ही कार्डच नेलं, मस्त चाललं’ असं लिहून दुजोरा दिला होता. चालतंच. अमेरिकेच्या बंदरातून निघून त्याच बंदरात परतणाऱ्या क्रूझला कार्ड चालतं, अमेरिकेत जन्मलेल्यांना तिथला जन्मदाखला आणि फोटो ओळखपत्रही चालतं. प्रश्न येतो मध्येच कुठल्यातरी बेटावर कुणी पाय घसरून पडलं आणि जहाज सोडून इस्पितळात जावं लागलं तर. तिथून घरी यायचं विमानाने, आणि विमानाला बुक लागतं. याच कारणासाठी अमेरिकेचा परराष्ट्र विभाग क्रूझवाल्यांना बुक बरोबर ठेवायचा सल्ला देतो. गाडीने टोरांटोला गेलात आणि तिथे असताना भारतातून वाईट बातमी आली, तर तिथून थेट मुंबईचं विमान पकडता येणार नाही. आपल्या घरांत असे फोन येतात, हे मी वेगळं सांगायला नको.

राहिली ती लिंक. फॉर्म फुकट आहे, परराष्ट्र विभागाच्या संकेतस्थळावर मिळतो, आणि पत्त्याच्या शेवटी ‘डॉट गव्ह’ असतं. नसेल तर ते सरकार नव्हे. पहिल्यांदा अर्ज करणाऱ्या मोठ्या माणसाला सध्या नुसत्या कार्डाचे ३० डॉलर आणि अर्ज स्वीकारण्याचे ३५, असे ६५ पडतात. बुक १३० अधिक ३५. दोन्ही एकत्र मागितलं तर १९५, म्हणजे बुकाच्या अर्जातच कार्ड हवं म्हणून खूण केली की ते ३० डॉलरमध्ये येतं. ज्यांच्याकडे मोठेपणी काढलेलं बुक आधीच आहे, ते बहुतेक जण डीएस-८२ फॉर्म भरून टपालाने ३० डॉलरमध्ये कार्ड मागवू शकतात, फक्त अर्जाबरोबर बुक पाठवावं लागतं. तेवढे दिवस परदेशप्रवास ठरवू नका.

४८ तास तर शुद्ध थाप. नेहमीच्या अर्जाला सध्या चार ते सहा आठवडे लागतात, ६० डॉलर जास्त भरले तर दोन ते तीन, आणि टपालाचे दिवस वेगळे. वर बुकासाठी पैसे भरून जलद टपाल घेता येतं, कार्डाला ती सोयच नाही. ते साध्या फर्स्ट क्लास टपालानेच येतं. नातवंडांच्या कार्डाचीही घाई नको: १६ वर्षांखालच्या अमेरिकी मुलांना रस्त्याने कॅनडाहून परत यायला जन्मदाखला पुरतो.

पहिल्यांदा अर्ज करणाऱ्यांनी डीएस-११ फॉर्म घरी भरावा, पण सही करू नये. ती पोस्टातल्या किंवा काउंटी क्लर्कच्या कार्यालयातल्या माणसासमोरच करायची असते. फोटो दोन बाय दोन इंच, चष्मा काढून. पैसे दोन ठिकाणी द्यायचे: अर्जाचा चेक परराष्ट्र विभागाच्या नावाने आणि ३५ डॉलर त्या कार्यालयाला वेगळे. नॅचरलायझेशन सर्टिफिकेट मूळच द्यावं लागतं, सोबत झेरॉक्स. ते अर्जाबरोबर जातं म्हणून घाबरू नका, परत येतं. बुक, कार्ड आणि सर्टिफिकेट वेगवेगळ्या पाकिटांतून वेगवेगळ्या दिवशी येऊ शकतं, तेव्हा पहिलं पाकीट आल्यावर बाकीचं हरवलं समजून लगेच फोनाफोनी सुरू करू नका.