‘सगळे बिबटे झूमध्ये टाका’ म्हणणाऱ्या फॉरवर्डला उत्तर

चाळीसगावपासून रावेरपर्यंत गावोगावच्या ग्रुपांवर एक मजकूर फिरतोय: ‘जंगलात बिबट्या उपाशी मरतो, झूमध्ये त्याला आयतं मटण आणि डॉक्टर मिळतो. खान्देशातले सगळे बिबटे धरा नि तिकडे पाठवा. त्याचंही भलं, आपलंही. शिवाय जातही टिकेल.’

‘त्याचं भलं’ म्हणे. पिंजऱ्यात आयुष्य वाढतं, हे बऱ्याच सस्तन प्राण्यांबाबत खरं आहे. पण 2003 साली क्लब आणि मेसन या संशोधिकांनी दाखवलं, की रानात ज्या मांसाहारी प्राण्यांचा वावर मोठा, तेच पिंजऱ्यात जास्त येरझाऱ्या घालतात आणि त्यांची पिल्लंही जास्त दगावतात. पोट भरलं म्हणजे झालं, हा हिशेब आपण स्वतःला तरी लावतो का?

‘आपलं भलं’ हा मुद्दा मात्र हसण्यावारी नेण्यासारखा नाही. 2017 च्या अखेरीला चाळीसगाव तालुक्यात बिबट्याने माणसं मारली, शेवटी त्याला गोळी घालावी लागली. असा एखादा जनावर कायमचा कोंडावा लागला तर माझी हरकत नाही. पण ‘सगळे’? एक नर उचलला की त्याची हद्द मोकळी होते आणि दुसरा, बहुधा तरणा नि त्या शिवारात नवखा, तिथे येतो. लपायला ऊस-केळी, खायला मोकाट कुत्री जागेवरच असतात ना! जुन्नरकडे 2001 नंतर बिबटे पकडून दुसरीकडे सोडले, तर वन्यजीव संशोधक विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांना सोडलेल्या भागांजवळ माणसांवरचे हल्ले वाढलेले दिसले. ‘म्हणून तर सोडू नका, कोंडा’ असं कुणी म्हणेल. 2022 च्या गणनेत महाराष्ट्रात अंदाजे 1,985 बिबटे आहेत. ठेवणार कुठे? शिवाय बिबट्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. मुख्य वन्यजीव रक्षकाच्या परवानगीशिवाय त्याला धरताही येत नाही.

जात टिकवायचं म्हणाल, तर हरियाणातल्या पिंजोरच्या प्रजनन केंद्रात 2004 पासून गिधाडं वाढवली जातात. ती खरोखर संपत चालली होती, आणि हेतू त्यांना पुन्हा आभाळात सोडण्याचा आहे. तुमच्या झूमधला बिबट्या परत सातपुड्यात सोडणार आहात का?

आता जे फॉरवर्डमध्ये नाही ते. शेतकरी रात्री दोनला केळीच्या बागेत का असतो? कारण पंपाला लागणारी थ्री-फेज वीज तेव्हा येते. वासरं उघड्या गोठ्यात का बांधलेली असतात? कारण जाळीला पैसे लागतात. वनविभागाला निवेदन द्यायचंच असेल तर गोठ्याच्या जाळीसाठी अनुदान मागा, आणि त्याची एक प्रत वीज कंपनीला द्या: पाण्याच्या पाळीला वीज दिवसा हवी म्हणून.