धावत्या घोडीची क्लिप आणि तिच्याखालची थाप

ती घोडीची काळी-पांढरी क्लिप परत सगळीकडे फिरतेय आणि खाली तेच लिहिलेलं, "1878 मध्ये स्टॅनफर्डने 25,000 डॉलरची पैज लावली, मायब्रिजने जगातला पहिला सिनेमा काढला आणि घोड्याचे चारही पाय हवेत असतात हे पहिल्यांदा कळलं." घोडी खरी, वर्ष खरं, फोटोग्राफर मायब्रिजही खरा. बाकीचं तपासू.

पैजेचा त्या काळातला भक्कम पुरावा कुणाला सापडलेला नाही. स्टॅनफर्ड रेल्वेतला बडा माणूस, कॅलिफोर्नियाचा माजी गव्हर्नर, शर्यतीचे घोडे पाळायचा, त्यांची चाल समजून घ्यायची म्हणून पैसे ओतत होता, एवढं कारण पुरेसं आहे की.

सिनेमाचं म्हणाल तर तिथे सिनेमाचा कॅमेराच नव्हता. कॅलिफोर्नियातल्या पालो आल्टोला घोड्यांच्या ट्रॅकच्या कडेने 12 कॅमेरे ओळीने लावलेले, 27-27 इंचांवर, आणि ट्रॅकवर आडवे दोरे, घोडीने दोरा ताणला की विजेचं सर्किट जुळून त्या कॅमेऱ्याचं शटर पडायचं. म्हणजे 12 सुटे फोटो! ते फोटो छापलेलं 19 जूनचं मूळ कार्ड नीट बघा, शेवटच्या चौकटीत ती घोडी, सॅली गार्डनर, चक्क उभी आहे. आज पळताना दिसते ती क्लिप नंतर फोटो जोडून केलेली. मायब्रिजने 1879 ला झूप्राक्सिस्कोप हे पडद्यावर हलती चित्रं दाखवणारं यंत्र बनवलं खरं, पण त्याच्या काचेच्या तबकड्यांवरही फोटोंवरून रंगवलेली चित्रंच होती.

आणि "पहिल्यांदा कळलं" हे तर मला अजिबात पटत नाही. पॅरिसचा शास्त्रज्ञ एतिएन-ज्यूल मारे, त्याने घोड्याच्या खुरांखाली रबराचे हवा भरलेले फुगे बसवले, तिथून नळ्या स्वाराच्या हातातल्या यंत्रापर्यंत, टाप पडली की कागदावर रेघ उमटणार. चारही खूर वर असतात तो क्षण त्याच्या आलेखांत आलेला आणि ते 1873 च्या पुस्तकात छापलेलं. फोटोंनी नवीन काय दाखवलं, तर तो क्षण दिसतो कसा ते. चित्रकार घोडा पुढेमागे पाय ताणून उडताना काढायचे, फ्रेंच चित्रकार जेरिकोचं डर्बीच्या घोडाशर्यतीचं 1821 चं चित्र तसंच आहे, पण फोटोत चौखूर धावणारी घोडी हवेत असते तेव्हा पाय पोटाखाली गोळा झालेले असतात.

फोटो बघून मारे खूश झाला, त्याला तसेच उडते पक्षी हवे होते, म्हणून 1882 मध्ये त्याने फोटोंची बंदूक बनवली, एकाच लेन्समधून सेकंदाला 12 फोटो, तेही एकाच फिरत्या प्लेटवर. पोस्टमध्ये त्याचं नाव कुठेच नाही, ते आधी घाला.