कोब्यावरच्या पिल्लाला माती कुठली?

नाना, डुकराच्या पिल्लांना लोहाची सुई टोचा असं मी लिहिलं होतं, त्यावरची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. ‘आमच्या आजोबांनी कधी डुकरांना सुया टोचल्या नाहीत, कंपन्यांचा धंदा वाढवू नका, लोह द्यायचंच तर मादीला पाला-गूळ चारा, दुधातून उतरेल,’ असं तुमचं म्हणणं.

आजोबांचं मान्य. त्यांची डुकरं नाल्याकाठी हिंडायची, पिल्लं चालायला लागली की मातीत तोंड घालायची. लोह तिथून मिळायचं. यावलच्या माझ्या शेडात कोबा आहे. तो चाटून काय मिळणार?

दुधाचं मात्र पटत नाही. पिल्लू जन्मतं तेव्हा अंगात जेमतेम 40-50 मिलीग्रॅम लोह असतं. रोज लागतं सातेक मिलीग्रॅम, आणि दुधातून मिळतं एखादं. म्हणजे आठवडा-दहा दिवसांत गंगाजळी खलास. मादीला काहीही चारा, दुधातलं लोह फारसं वाढत नाही.

हे मी पुस्तकी बोलत नाहीये. पहिल्या वेताला मीही मादीला रोज शेवग्याचा पाला घातला. तिसऱ्या आठवड्यात एक पिल्लू गेलं, तेही सगळ्यात गुबगुबीत. आदल्या संध्याकाळी सडापर्यंत पळालं आणि कुशी उडवत धापा टाकत बसलं. एप्रिल होता, ऊन लागलं असेल म्हणून मी पाणी मारत राहिलो. मेल्यावर कान बघितला तर कागदासारखा पांढरा. जे झपाट्याने वाढतं त्यालाच रक्त आधी कमी पडतं, हे नंतर कळलं.

आता जन्मानंतर तिसऱ्या दिवशी आयर्न डेक्स्ट्रान, म्हणजे लोहाचं इंजेक्शन, पिल्लामागे 200 मिलीग्रॅम. बाटलीवर मिलीलिटरमागे किती लोह आहे ते वाचूनच सिरिंज भरायची. सुई कानामागे मानेच्या स्नायूत; मांडीत नको, नस दुखावते आणि मांसावर डाग राहतो. टोचताना कातडी जरा बाजूला ओढली की औषध परत बाहेर येत नाही.

कंपनीचं म्हणाल तर मी एकाही ब्रँडचं नाव लिहिलेलं नाही. सुई नकोच असेल तर मादीच्या सडांना हिराकसाचं (लोहाच्या क्षाराचं) पाणी लावा, नाहीतर जिथे डुकरं कधी फिरली नाहीत अशा जागेची माती टोपलीभर टाका. डुकरं फिरलेल्या मातीतून जंतांची अंडी येतात. पण हे रोज करावं लागतं. केळीची कटाई सुरू झाली की माझ्याने होत नाही, खोटं कशाला बोलू.

तुमची पिल्लं मळ्यात मोकळी असतील तर सुई राहू द्या. फक्त पंधराव्या दिवशी दोन-चार कान उन्हात धरून बघा.