अमेरिकी रेल्वे आणि ‘संसदेने लक्ष घातले नाही’ हा दावा

स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या माझ्या भाच्याने सध्या सगळीकडे फिरणारा एक मजकूर सरावाच्या निबंधात जसाच्या तसा उतरवला, म्हणून हे लिहिणे भाग पडले. दावा असा, की अमेरिकेची पहिली आंतरखंडीय रेल्वे खासगी कंपन्यांनी स्वतःच्या पैशाने बांधली, तिथल्या संसदेने, म्हणजे काँग्रेसने, त्यात लक्ष घातले नाही आणि म्हणूनच काम मुदतीआधी व स्वच्छपणे झाले.

मुदतीचे खरे आहे. कायद्याने जुलै १८७६ पर्यंत वेळ दिला असताना पूर्वेकडून आणि पश्चिमेकडून येणारे रूळ १० मे १८६९ रोजी युटामधील प्रोमोंटरी येथे जुळले. ‘स्वतःच्या पैशाने’ हे मात्र साफ खोटे आहे. १८६२च्या कायद्याने सपाटीवर मैलामागे १६,००० आणि डोंगरात ४८,००० डॉलरचे सरकारी रोखे कर्जाऊ दिले, शिवाय जमीनही दिली.

लक्ष घातले नाही म्हणावे, तर रुळांमधले अंतर १८६३ मध्ये काँग्रेसनेच ठरवले आणि पूर्वेकडून रूळ टाकणाऱ्या युनियन पॅसिफिक कंपनीच्या संचालक मंडळावर १८६४ पासून पाच सरकारी संचालक होते. पैसा मैलावर मिळत असल्याने ती आणि पश्चिमेकडून येणारी सेंट्रल पॅसिफिक या दोन्ही कंपन्यांचे भराव एकमेकांना ओलांडून पुढे गेले, तेव्हा एप्रिल १८६९ मध्ये मीलनस्थळही काँग्रेसलाच ठरवून द्यावे लागले.

सर्वांत घातक शब्द आहे ‘स्वच्छपणे’. युनियन पॅसिफिकच्या चालकांनी क्रेडिट मोबिलियर या आपल्याच दुसऱ्या कंपनीमार्फत फुगवलेल्या दराने बांधकामाची कंत्राटे स्वतःकडे घेतली. तिचे शेअर ओक्स एम्स या काँग्रेसच्या प्रतिनिधीने सहकारी खासदारांना बाजारभावापेक्षा कितीतरी कमी, म्हणजे दर्शनी किमतीला दिले, आणि काहींची तर किंमतही लाभांशातूनच वळती झाली. हे सारे ल्यूक पोलंड या प्रतिनिधीच्या अध्यक्षतेखालील चौकशी समितीच्या, म्हणजे पोलंड समितीच्या, फेब्रुवारी १८७३च्या अहवालात नोंदलेले आहे. त्यातले जेम्स ब्रुक्स यांचे प्रकरण मुळातून वाचावे. ते न्यूयॉर्कचे प्रतिनिधी होते, शिवाय युनियन पॅसिफिकवर सरकारने नेमलेले संचालकही होते. अशा संचालकाने त्या कंपनीचा भागधारक असू नये, असे कायदा बजावत असताना त्यांनी क्रेडिट मोबिलियरचे शेअर जावयाच्या नावावर घेतले. म्हणजे देखरेख नव्हती असे नाही. देखरेख ज्यांच्याकडे सोपवली त्यांनाच नफ्यात वाटेकरी करून घेतले गेले. कुंपणानेच शेत खाल्ले म्हणून कुंपण नसलेले बरे, असा निष्कर्ष या मजकुराचा लेखक कोणत्या आधारावर काढतो?

समितीने एम्स आणि ब्रुक्स या दोघांच्या हकालपट्टीची शिफारस केली होती. काँग्रेसच्या प्रतिनिधीगृहाने मात्र निषेधाच्या ठरावावर भागवले.